पंधराव्या वर्षी पदवीच्या वर्गात

प्राथमिक शाळेत दोनदा वरच्या इयत्तेत बसवल्यामुळे बीएस्सीला गेले तेव्हा मी १५ वर्षांची होते. अभ्यासाची धास्ती घरच्यांना होती. प्रत्यक्षात तोच भाग सोपा गेला. तुझंही असंच असेल तर बाकीच्या गोष्टींसाठी हे लिहिते आहे.

गोव्यात कॉलेजची मैत्री दुचाकीवर चालते. तास संपला की कोणी मिरामारच्या किनाऱ्यावर, कोणी पणजीच्या १८ जून रस्त्यावर चहाला. गाडीचा परवाना १८व्या वर्षी. १६व्या वर्षी मिळतो तो ५० सीसीपर्यंतच्या बिनगिअर गाडीचा, आणि हल्लीच्या स्कूटर त्याहून मोठ्या. म्हणजे तू मागच्या सीटवर, नाहीतर कदंबाच्या, म्हणजे सरकारी बसच्या स्टँडवर. पार्टीचं म्हणशील तर गोव्यात दारूसाठी वय २१ लागतं. नाही म्हणायला ही सबब उत्तम, आणि मोठी मुलंच ती तुझ्या वतीने सांगतात.

मला वर्गात सगळे ‘बाय’ म्हणायचे, कोकणीत धाकट्या मुलीला म्हणतात तसं. चिडू नये, त्यात माया जास्त असते. परीक्षेआधी वह्या मागणारे खूप भेटतील. वही खुशाल द्यावी, पण परीक्षा संपल्यावर कॅन्टीनमध्ये कोण जवळ येऊन बसतं तेही बघावं.

माझी पहिली मैत्रीण वर्गातली नव्हतीच. फोंड्याहून पणजीला जाणाऱ्या बसमध्ये ती म्हार्दोळला चढायची, कॉमर्सच्या शेवटच्या वर्षाची. भोम-बाणस्तारीला गाडी खोळंबली की गप्पा. एकदा म्हणाली, “अगो, उत्तर येतं म्हणून दर वेळी हात वर करू नको. सरांना बाकीच्यांचंही ऐकायचं असतं.” हे मला आईवडिलांनी किंवा कुठल्या शिक्षकांनी कधीच सांगितलं नव्हतं.

खरी गट्टी जमली ती चवथीआधी, म्हणजे गणेश चतुर्थीआधी, घुमटाच्या तालावर म्हणायच्या आरतीच्या सरावात. घुमट म्हणजे दोन्हीकडे तोंड असलेलं मातीचं मडकं. मोठ्या तोंडाला पूर्वी घोरपडीचं कातडं असे, आता बकऱ्याचं लावतात. उजव्या हाताने त्यावर वाजवायचं आणि डाव्या तळव्याने दुसरं तोंड उघडझाप करत आवाज घुमवायचा. २०१९ साली सरकारने ते गोव्याचं वारसा वाद्य म्हणून जाहीर केलं. शामेळ (छोटा ढोल) आणि कांसाळ्यांच्या (झांजांच्या) मधोमध माझा हात सारखा चुकायचा. भौतिकशास्त्राचे प्रश्न माझ्याकडून सोडवून घेणारी मुलं तिथे मला “परत कर” म्हणत होती, आणि मी परत करत होते. हुशार मुलाने पहिल्याच वर्षी अशी एक जागा शोधावी, जिथे आपण सर्वांत मागे असू. क्विझच्या संघात मला बक्षिसं मिळाली, पण घरी जेवायला बोलावलं ते घुमटवाल्यांनी.

एकटं बसावंसं वाटलं तर पणजीत पाटोला कृष्णदास शामा ग्रंथालय आहे. मूळ संस्था १८३२ची, आणि बसस्टँडपासून चालत जाता येतं. तिथे बसण्यात कमीपणा नाही, फक्त रोजचं करू नको. शाळेतल्या मैत्रिणी अजून अकरावीत असतील. रविवारी त्यांच्याकडे जावं आणि कॉलेजबद्दल त्या विचारतील तेवढंच सांगावं.

सहलीच्या पत्रावर पालकांची सही मागतात, तेव्हा ते वेळेत घरी पोचव. शेवटची बस कितीची ते पहिल्याच आठवड्यात विचारून ठेव. सराव लांबला तर ती चुकणं मोठ्या मुलांना चालतं, तुला नाही.