वास्तवाचं कापड विकणारी कंपनी गोष्टीत कशी उभी करायची

आधी सीईओ वगैरे सोडा, डायरेक्ट काउंटरवरचा माणूस घ्या. तो ठाण उलगडतो, "ताई, हात लावून बघा ना, पोत बघा" म्हणतो, वाचक तिथेच फसतो. मग खरं फिजिक्स घुसवा, म्हणजे आइनस्टाइनने 1915 मध्येच सांगितलंय की जड वस्तूजवळ स्थळकाळ, म्हणजे जागा आणि वेळ मिळून झालेलं एकच कापड, वाकतो, तर मालाला झोळ पडणारच, त्याची गॅरंटी नाही असं बिलावर बारीक अक्षरात छापा. मुख्यतः याच वाकण्यामुळे जीपीएस उपग्रहांची घड्याळं दुरुस्त नाही केली तर रोज साधारण 38 मायक्रोसेकंद पुढे पळतात, ही तक्रार कस्टमर केअरला येऊ द्या. लायगो या गुरुत्वीय लहरी टिपणाऱ्या वेधशाळेने 2015 मध्ये पकडलेली स्थळकाळाची थरथर? पहिल्या धुण्यातली सुरकुती म्हणून खपवा. आणि व्हिलन नको प्लीज, उधारीवालं गिऱ्हाईक पुरतं, वसुलीवाले येऊन त्याचा मंगळवार कापून नेतात.