सेवाखंड असो वा दोषारोपपत्र, मॅटमध्ये आधी तारखा मोजतात

सरकारी नोकरीत सेवाखंड पडला (गैरहजेरीमुळे सेवेची सलगता तुटली) किंवा दोषारोपपत्र (खात्याने ठेवलेल्या आरोपांचा कागद) मिळाले, तर दाद कशी मागायची ते सांगतो. सेवापुस्तकाची (नोकरीच्या अधिकृत नोंदवहीची) साक्षांकित प्रत, रजेचे अर्ज, दोषारोपपत्र आणि प्रत्येक कागदाची आवक-शिक्क्याची पोच तुमच्याकडे आहे असे धरून चालतो. नसेल तर माहिती अधिकारात आजच मागा.

आधी दार बरोबर निवडा. राज्य शासनाचा कर्मचारी मॅटमध्ये, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात जातो (मुंबई, नागपूर, छत्रपती संभाजीनगर), केंद्राचा कॅटमध्ये, म्हणजे केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरणात. जिल्हा परिषदेचा कर्मचारी मॅटमध्ये जात नाही, तो खात्यातले अपील संपवून उच्च न्यायालयात जातो. खासगी शाळेतल्या शिक्षकासाठी शाळा न्यायाधिकरण आहे. चुकीच्या दारात वर्ष घालवलेले लोक मी पाहिले आहेत.

मग मागणी नेमकी करा. ‘न्याय मिळावा’ ही मागणी नव्हे. गैरहजेरीचा काळ असाधारण (बिनपगारी) रजा म्हणून नियमित झाला तर खंडच पडत नाही, म्हणून पहिली मागणी ती. ते जमत नसेल तर निवृत्तिवेतन नियम, 1982 मधल्या नियम 48 खाली खंड क्षमापित (माफ) करून मागा. कारण तुमच्या हाताबाहेरचे होते हे तिथे दाखवावे लागते, म्हणून दवाखान्याचे कागद जोडा. आणि क्षमापित झालेला काळ पेन्शनसाठी मोजला जात नाही, फक्त आधीची सेवा वाचते. हे आधीच समजून घ्या, नंतर वकिलाशी भांडू नका.

आता मुदत. इथेच मी स्वतः आपटलो होतो. माझा खंड पडल्याचा आदेश आला तेव्हा वरिष्ठ म्हणाले, ‘साहेबांना निवेदन दे, होऊन जाईल.’ दिले. उत्तर नाही. स्मरणपत्र दिले, मग दुसरे, मग तिसरे. प्रत्येक पोच जपून ठेवली आणि वाटले, प्रकरण जिवंत आहे. प्रकरण कधीच मुदतबाह्य झाले होते.

प्रशासकीय न्यायाधिकरण अधिनियम, 1985 चे कलम 21 सरळ आहे. अंतिम आदेशापासून एक वर्ष. अपील केले आणि सहा महिन्यांत निर्णय आला नाही, तर ते सहा महिने संपल्यापासून एक वर्ष. म्हणजे 1 मार्च 2024 ला अपील दिले आणि कार्यालय गप्प राहिले, तर ऑगस्ट 2025 संपायच्या आत मूळ अर्ज (न्यायाधिकरणातला दाव्याचा अर्ज) दाखल झालाच पाहिजे. स्मरणपत्राने हे घड्याळ पुन्हा सुरू होत नाही. सर्वोच्च न्यायालयाने एस. एस. राठोड (1989) आणि सी. जेकब (2008) या निकालांत हे स्पष्ट केले आहे. इतकेच काय, वर्षांनंतर ‘आपली विनंती अमान्य’ असे पत्र आले तरी त्याने जुना दावा ताजा होत नाही.

उशीर झालाच असेल तर विलंबमाफीचा वेगळा अर्ज द्या, आणि त्यात ‘साहेबांनी आश्वासन दिले’ हे कारण लिहू नका. मी लिहिले होते. आजारपण, बदली, कागद उशिरा मिळाले, जे खरे असेल ते तारखांसह लिहा. ‘अजून एक निवेदन देऊन बघ’ हा कॅन्टीनमधला सल्ला माझ्या मते सर्वांत महागडा आहे.

दोषारोपपत्राचे गणित वेगळे. ते हातात पडताच कोर्टात धावू नका. नुसत्या दोषारोपपत्रात न्यायालय सहसा हात घालत नाही, ते देणाऱ्याला अधिकारच नसेल किंवा अवाजवी उशीर झाला असेल तर गोष्ट निराळी. मुदतीत लेखी निवेदन द्या, कागदपत्रे लेखी मागा, नाकारली तर तो नकार जपा. खातेचौकशीच्या अहवालाची प्रत मिळणे हा तुमचा हक्क आहे (सर्वोच्च न्यायालयाचा करुणाकर निकाल, 1993). पुराव्याचे फेरमूल्यमापन न्यायालय करत नाही. प्रक्रिया कुठे मोडली, हेच तिथे चालते.

निलंबन तीन महिन्यांवर गेले आणि दोषारोपपत्रच मिळाले नाही, तर सर्वोच्च न्यायालयाचा अजयकुमार चौधरी निकाल (2015) आणि त्यावरचा 9 जुलै 2019 चा शासन निर्णय जोडून निलंबन उठवण्याची मागणी करा. निर्वाहभत्ता (निलंबनाच्या काळात मिळणारा भत्ता) थांबला असेल तर तेही त्याच पत्रात लिहा.

वकील, शुल्क, प्रती हे सगळे मॅटच्या आवारात उरकते. मॅटचा निकाल विरुद्ध गेला तर उच्च न्यायालयाच्या खंडपीठापुढे रिट याचिका करता येते.

निकाल बाजूने लागला तर प्रमाणित प्रत घेऊन स्वतः आस्थापना शाखेत बसा आणि सेवापुस्तकातली नोंद डोळ्यांसमोर दुरुस्त करून घ्या. माझी नोंद त्यांनी पेन्सिलीने केली होती.