कोकणातल्या घरासाठी फायबर केबल निवडताना

घरच्या इंटरनेट जोडणीला सिंगल मोडच (प्रकाशाला एकच वाट देणारी) केबल लागते. जी.६५७.ए२ प्रकार मागा: ७.५ मिलिमीटर त्रिज्येपर्यंत वळली तरी सिग्नल फारसा पडत नाही, त्यामुळे चौकटीच्या कोपऱ्यात निभावते.

खांबापासून घरापर्यंतच्या ड्रॉप केबलची मात्र खरी काळजी घ्या. खाऱ्या हवेत आतली स्टीलची तार गंजते, शिवाय वीज पडली तर तिचा झटका घरात येऊ शकतो. रत्नागिरी-मालवणाकडे एफआरपी (काचतंतू आणि प्लास्टिकच्या) दांडीचीच घ्यावी, वर काळं यूव्ही-रोधक आवरण. माडाला बांधू नका. वाऱ्यात झाड डोलतं, केबल ताणली जाते. भिंतीतलं भोक बाहेरच्या बाजूला उतरतं पाडा आणि त्याआधी केबलला खाली लोंबता वळसा द्या, नाहीतर पावसाचं पाणी तिच्यावरून थेट आत येतं.

कनेक्टर हिरवा, एससी/एपीसी प्रकारचा घ्या. त्याचं टोक ८ अंशात तिरकं असतं. निळा, म्हणजे तिरकं टोक नसलेला, त्याला जोडलात तर सिग्नल पडतो. प्रकाशाची ताकद मोजणाऱ्या मीटरवर उणे २५ डीबीएमच्या (ताकदीचं एकक) खाली, म्हणजे उणे २६, उणे २७ असा आकडा आला, तर टोक आयसोप्रोपिल अल्कोहोलने पुसून पुन्हा मोजा.