काळा घोडा: चित्रं आणि कॉफीची फेरी

मुंबईत पाहुण्यांना काळा घोडा परिसरात फिरवणार असाल, तर बुधवार ते शनिवारमधला वार धरा. राष्ट्रीय आधुनिक कला संग्रहालय सोमवारी बंद असतं, बऱ्याच खासगी गॅलऱ्या रविवारी. जहांगीर आर्ट गॅलरीमधली प्रदर्शनं सहसा मंगळवारी बदलतात, त्यामुळे त्या दिवशी सकाळी चित्रं अजून टांगली जात असतात.

सुरुवात ११ वाजता जहांगीरपासून, प्रवेश मोफत. बाहेरच्या फूटपाथवरची चित्रं चुकवू नका (पावसाळ्यात मात्र भरवसा नाही). मग समोरचं कला संग्रहालय. तिथे एक तास ठेवा आणि घुमटापर्यंत चढाच, घाईत लोक नेमकं तेच सोडतात.

कॉफी शेवटी. रोपवॉक लेनसारख्या गल्लीतले कॅफे लहान आहेत, आठजणांचा गट एकत्र बसणं अवघड. चार-चार जणांत विभागा. सगळ्यांनी पोअर-ओव्हर (पुडीवर हळूहळू गरम पाणी ओतून गाळलेली कॉफी) मागवली तर खोळंबा ठरलेला: एका कपाला साधारण १५ ग्रॅम पूड, २५० मिली पाणी आणि तीन-चार मिनिटं लागतात. दोघांनी ती घ्यावी, बाकीच्यांनी एस्प्रेसो किंवा दुधाची. चिकमगळूरची हलकी भाजलेली पूड असेल तर पहिला घोट साखरेविनाच घ्या.