आखाजीनंतर लेकीची ओटी भरताना

आखाजीला, म्हणजे खानदेशातल्या अक्षय्य तृतीयेला, माहेरी आलेली लेक सासरी निघते तेव्हाची ओटी एसटीच्या वेळेशी बांधून उरकू नका. अर्धा तास हातात ठेवा.

तबकात हळदी-कुंकू, अक्षता, सुपारी, सोन्याची अंगठी आणि तुपाचं निरांजन ठेवा. अक्षता अखंड तांदळाच्याच घ्या. मूठभर तांदळाला चिमूटभर कुंकू आणि पाण्याचे दोन-तीन थेंब पुरतात. पाणी जास्त झालं की दाणे चिकटतात आणि कपाळावरून कुंकवाचा ओघळ येतो. वैशाखात घरोघरी पंखा सुरू असतो, तो आधी बंद करा, नाहीतर ऐन ओवाळताना वात विझते. वात तुपात पूर्ण भिजवून फक्त टोक वर ठेवा.

लेकीला पाटावर पूर्वेकडे तोंड करून बसवा. कुंकू लावा, अक्षता ठेवा, मग अंगठी-सुपारीने आणि शेवटी निरांजनाने ओवाळा. पदर पसरला की खण, नारळ, हळकुंड, सुपारी आणि पाच ओंजळी गहू किंवा तांदूळ, जशी घरची रीत. पदर घट्ट धरायला सांगा, रेशमी पदरावरून दाणे घरंगळतात.

आशीर्वाद मात्र घाईत पुटपुटू नका. डोक्यावर हात टेकवा, नाव घ्या, आणि तिला या वर्षी जे हवंय तेच बोला: परीक्षा, बाळंतपण, तब्येत. घरात अहिराणी असेल तर अहिराणीतच म्हणा, "सुखमा ऱ्हाय, माय." पाठ केलेल्या संस्कृतापेक्षा ते तिला जास्त भिडतं. जावयालाही कुंकू लावायला विसरू नका.