पणज्याच्या मेडलवरून पलटणीचा इतिहास कसा काढावा

गोष्ट नंतर ऐकू, आधी मेडल दाखवा. ट्रंकेतले कागद घेऊन माझ्याकडं येणाऱ्या प्रत्येकाला मी हेच म्हणतो. मी मराठा लाइट इन्फंट्रीतून हवालदार क्लार्क म्हणून रिटायर झालो. नोकरी सगळी नॉमिनल रोल, म्हणजे शिपायांच्या नावांच्या याद्या, आणि पार्ट टू ऑर्डर, म्हणजे त्यांच्या नोकरीच्या नोंदी, लिहिण्यात गेली. आता खानापूर तालुक्यात घरी असतो. आमच्या भागात पलटणीत गेलेला आज्जा-पणजा पुष्कळ घरांत सापडतो, आणि गोष्टही बहुतेक सारखीच असते: लामावर (लढाईवर) होता, तुर्काला भिडला, साहेबानं पाठ थोपटली. गोष्ट खोटी असते असं नाही. पण तिच्यात पलटणीचा नंबर नसतो, आणि नंबराशिवाय माणूस सापडत नाही.

नंबर असतो मेडलच्या कडेवर. पहिल्या महायुद्धाची दोन मेडल बहुतेकांकडं असतात. एक चांदीचं, त्यावर पंचम जॉर्जचं डोकं आणि मागं घोडेस्वार. दुसरं पिवळसर, पंखवाल्या विजयदेवीचं. दोन्हींच्या कडेवर बारीक अक्षरांत शिपायाचा नंबर, हुद्दा, नाव आणि पलटण ठोकलेली असते. एक विनंती आहे, चिंच किंवा राख लावून मेडल घासू नका. दसऱ्याला पूजेत ठेवायचं म्हणून दरवर्षी लख्ख करतात आणि नेमकी कडेवरची अक्षरं जातात. झिजलेलं असेल तर खोलीत अंधार करा, मोबाईलची टॉर्च कडेला लागून तिरकी धरा आणि दुसऱ्या मोबाईलनं फोटो काढून मोठा करून बघा. वरून उजेड टाकला तर कोरं दिसणारं अक्षर तिरक्या उजेडात उठतं. यळ्ळूरहून आलेल्या एका मास्तरांना असाच त्यांच्या पणज्याचा ११० हा आकडा मिळाला. घरात सगळे ‘पाचवी पलटण’ म्हणत होते.

ते ‘पाचवी’ कुठून आलं हे समजून घ्या, नाहीतर पुढं सगळा घोळ होईल. पहिल्या महायुद्धात पलटणींचे नंबर शंभराच्या वरचे होते: १०३, १०५, ११०, ११४, ११६, ११७. १९२२ मध्ये या सहा पलटणी एकत्र करून पाचवी माहरट्टा (‘मराठा’चं जुनं इंग्रजी रूप) लाइट इन्फंट्री केली. १०३ ची झाली १/५, म्हणजे आपली जंगी पलटण, जिची उभारणी १७६८ ची. १०५ ची झाली २/५, काळी पाचवी. ११० ची ३/५, ११६ ची ४/५, ११७ ची ५/५, जिला ‘रॉयल’ किताब होता. ११४ ची १०/५ ही ट्रेनिंग बटालियन झाली आणि बेळगावात बसली. तेव्हापासून बेळगाव मराठ्यांचं सेंटर. ३/५ हा अपूर्णांक नव्हे, पाचव्या रेजिमेंटची तिसरी बटालियन. पुढं १९५२ मध्ये हीच तिसरी मराठा पॅराशूट रेजिमेंटची दुसरी बटालियन झाली. म्हणून कुणी ‘आज्जा थर्ड मराठाला’ म्हणालं, तर आधी साल विचारायचं.

कडेवर १०३, ११० किंवा ११७ निघालं तर कूट-अल-अमाराची तयारी ठेवा. या तिन्ही पलटणी जनरल टाउनशेंडच्या सहाव्या पुणे डिव्हिजनमध्ये होत्या. ११७ तर नोव्हेंबर १९१४ मध्येच, तुर्कांशी लढाई जुंपल्या जुंपल्या, इराकच्या तोंडाशी उतरली होती. इंग्रजांना आबादानचं तेल सांभाळायचं होतं. वर्षभरात डिव्हिजन बगदादच्या जवळ पोचली, मार खाऊन मागं आली आणि तैग्रिस नदीच्या वळणातल्या कूट गावात अडकली. ७ डिसेंबर १९१५ पासून जवळजवळ पाच महिने वेढा. धान्य संपत आलं तेव्हा घोडे कापले. हिंदी शिपायांनी ते मांस बरेच दिवस नाकारलं आणि कमी पिठावर काढलं. २९ एप्रिल १९१६ ला शरणागती झाली. सुमारे १३,००० माणसं तुर्कांच्या कैदेत गेली आणि पुढच्या वाटचालीत व छावण्यांत त्यांतली हजारो मेली. त्यामुळं घरी ‘बेपत्ता’ म्हणून कागद आलेला असेल, मरणाची तारीख नसेल, किंवा तारीख शरणागतीनंतर कितीतरी महिन्यांची असेल, तर त्यात विचित्र काही नाही.

११४ असेल तर इराकातलीच, ऑक्टोबर १९१८ ची शरकतची लढाई बघा. तोवर बाजू उलटली होती, तुर्क हरत होते.

आता नाव. कॉमनवेल्थ वॉर ग्रेव्हज कमिशनच्या वेबसाइटवर युद्धात मेलेल्यांची यादी फुकट शोधता येते. ‘पाटील’ टाकलं तर आयुष्य पुरणार नाही. आडनावाच्या रकान्यात पहिलं नाव घालून बघा, मग उलटं करा. साहेबांच्या कारकुनांना आपलं आडनाव कुठलं हे कळत नव्हतं. पलटण ‘माहरट्टा’ अशी, मध्ये एच आणि दोन टी घालून शोधा. नोंदीत बापाचं नाव आणि गाव दिलेलं असलं तर माणूस पक्का झाला समजा. इराकातल्या बसऱ्याच्या युद्धस्मारकाबद्दल मात्र आधीच सांगून ठेवतो, कारण लोक तिथल्या भिंतीचे फोटो मागवतात आणि हिरमुसतात. त्या स्मारकावर इंग्रज सोल्जर आणि हिंदी अंमलदार यांची नावं कोरली; हिंदी शिपायांची नाही, पलटणीखाली फक्त आकडा. शिपायांची नावं कागदावरच्या यादीत ठेवली. भिंतीवर नाव नाही म्हणजे तुमचा माणूस नव्हता, असं धरू नका.

जिवंत परत आलेल्यांचा शोध जास्त अवघड, आणि इथं आपला सीमाभाग आडवा येतो. १ नोव्हेंबर १९५६ पर्यंत बेळगाव जिल्हा मुंबई राज्यात होता. म्हणून भरती, इनाम जमीन, पेन्शन यांचे त्याआधीचे सरकारी कागद मुंबईच्या पुराभिलेखागारात शोधायचे आणि नंतरचे कर्नाटकात. चंदगडवाल्यांचं उलटं: तालुका आज कोल्हापुरात आहे, पण पणज्याच्या कागदावर जिल्हा बेळगाव असणार. गावांची स्पेलिंगंही दोन-दोन, तीन-तीन. सीमावादावर हवं तेवढं भांडा, शोधताना मात्र सगळी स्पेलिंगं घाला.

बेळगावातल्या रेकॉर्ड ऑफिसला अर्ज करताना चार पानं शौर्यगाथा लिहू नये. नंबर, हुद्दा, नाव, बापाचं नाव, गाव-तालुका, भरतीचं आणि पलटणीतून सुटल्याचं साल, तुमचं नातं. एवढंच, आणि डिस्चार्ज बुकाची झेरॉक्स. जुन्या फायली मुदत संपली की नष्ट करतात, म्हणून फाइल नाही असं उत्तर आलं तर ‘लाँग रोलमध्ये (भरती झालेल्यांच्या जुन्या रजिस्टरात) नोंद पाहावी’ अशी एक ओळ लिहून परत अर्ज करा.

नंबर आणि सालं हाती आली की मग पलटणीची रोजनिशी. वॉर डायरी म्हणतात तिला. पहिल्या महायुद्धातल्या डायऱ्या लंडनजवळच्या क्यू इथल्या नॅशनल आर्काइव्हजमध्ये ‘डब्ल्यू ओ ९५’ या मालिकेत आहेत आणि बऱ्याच स्कॅन झाल्या आहेत. रकाने ठरलेले: जागा, तारीख, वेळ, हकीकत. इंग्रज अंमलदाराला खरचटलं तरी नावानिशी नोंद. आपले लोक ‘३ आय.ओ.आर. ठार’, म्हणजे तीन हिंदी शिपाई. पहिल्यांदा वाचताना राग येतो. पण ती तारीख उतरवून घ्या, कारण कमिशनच्या यादीत त्याच पलटणीच्या त्याच तारखेच्या नोंदी काढल्या की त्या तिघांना नावं मिळण्याची शक्यता असते.

ही पद्धत मी एका अमेरिकन पलटणीच्या इतिहासावरून घेतली. पुतण्या नॉर्थ कॅरोलायनात नोकरीला आहे. त्यानं तिथल्या २६ व्या नॉर्थ कॅरोलायना इन्फंट्रीचे कागद दाखवले. अमेरिकेच्या यादवी युद्धातली ही कॉन्फेडरेट, म्हणजे दक्षिणेकडची, पलटण १८६१ ची. एकेक कंपनी एकेका काउंटीतून भरलेली, जसं आपल्याकडं एका गावची पोरं एका कंपनीत असायची. १ जुलै १८६३ ला गेटिसबर्गला ८०० च्या वर माणसं घेऊन उतरली; २१ वर्षांचा कर्नल बर्ग्विन पडला आणि कॉल्डवेल काउंटीची एफ कंपनी जवळजवळ सगळी कापली गेली. तिथं दर दोन महिन्यांनी मस्टर व्हायचं, हजर की गैरहजर, आणि हरलेल्या बाजूचे ते हाती आलेले रोल वॉशिंग्टनच्या सरकारनं १९०३ पासून माणसागणिक कार्डांवर उतरवले. त्यामुळं कोण कधी आजारी, कोण कधी पळाला, सगळं निघतं. त्याच पलटणींच्या म्हाताऱ्यांनी पुढं आठवणीही लिहिल्या. तिकडच्या अशा बऱ्याच आठवणींत शौर्य पानोपानी, पण आपली बाजू गुलामगिरी राखायला लढत होती हे गिळलेलं. आपणही तसं करू नये. पणजा बसऱ्याला कुणाच्या साम्राज्यासाठी गेला, ही ओळ तुमच्या वहीत असू द्या.

दुसऱ्या महायुद्धाचं सोपं आहे, फक्त बटालियन आणि तारीख दोन्ही जुळवा. ‘आज्जा यशवंत घाडगेंच्या शेजारी होता’ हे मी फार ऐकलंय. नाईक घाडगे ३/५ चे, इटलीत १० जुलै १९४४ ला पडले, व्हिक्टोरिया क्रॉस. शिपाई नामदेव जाधव १/५ चे, ९ एप्रिल १९४५, सेनिओ नदी, तेही व्हिक्टोरिया क्रॉस. आज्जा ४/५ ला असेल तर त्या सुमारास तो इटलीत नव्हे, ब्रह्मदेशच्या आघाडीवर होता. मार्च १९४४ ला सांगशाकला ही पलटण जपान्यांशी लढली. ‘कैदेत होता, देश माहीत नाही’ असं घरात म्हणत असतील आणि बटालियन २/५ निघाली, तर लिबियातलं टोब्रुक बघा, जून १९४२; ही पलटण तिथं कैद झाली.

वही अशी आखा: डाव्या पानावर पलटण कुठं होती ते तारखेनं, उजव्या पानावर आपल्या माणसाबद्दल कागदावर जे आहे तेवढंच, कागदाचं नाव घालून. घरातली गोष्ट शेवटी वेगळ्या पानावर, सांगणाऱ्याच्या नावासकट. डाव्या पानावर लढाई आहे आणि उजवं कोरं आहे, असं खूप ठिकाणी होईल. ते कोरंच ठेवा. मेडलच्या कडेचे फोटो दोन-तीन नातेवाइकांच्या फोनवर पाठवून ठेवा, आणि चांदीच्या भावानं मोडीत घालायचा विचार घरात निघाला तर आधी मला दाखवायला आणा.