टेंडरातलं प्राधान्य का हुकतं? या चुका टाळा

सोलापूरच्या अक्कलकोट रोड एमआयडीसीतले टॉवेल-चादरवाले माझ्याकडे येतात ते बहुतेक वेळा टेंडर हुकल्यावर. हातात उद्यम प्रमाणपत्र (लघुउद्योगाच्या सरकारी नोंदणीचा कागद) आणि तोंडी ठरलेलं वाक्य, "आम्ही लघुउद्योग, पंधरा टक्क्यांत बसत होतो, तरी डावललं. केस करायची." पंधरा टक्के म्हणजे सगळ्यात कमी दरापेक्षा तेवढ्यापर्यंत महाग असलेल्या सूक्ष्म-लघु उद्योगाला तो दर गाठायची संधी. मी आधी प्रमाणपत्र मागतो. बऱ्याचदा केस तिथेच संपते.

एका शेठचं सांगतो. केंद्राच्या एका कार्यालयाचं टॉवेलचं टेंडर. एल-वन, म्हणजे सगळ्यात कमी दरवाली, एक मोठी कंपनी, नगाला ६२ रुपये. आमचे शेठ ६९ वर. ६२ वर १५ टक्के म्हणजे ७१ रुपये ३० पैसे, तेव्हा शेठ आरामात आत. २०१२ च्या सार्वजनिक खरेदी धोरणाप्रमाणे ६२ ला यायची संधी मिळायला हवी होती आणि ते आले असते तर निदान २५ टक्के माल त्यांचा. त्यांना कुणी विचारलंच नाही. शेठ लालबुंद. मी प्रमाणपत्र उघडलं. कामाचा प्रकार 'ट्रेडिंग', एनआयसी कोड (धंद्याच्या प्रकाराचा सरकारी क्रमांक) ४६ ने सुरू होणारा, म्हणजे घाऊक व्यापार. बँकेच्या कर्जासाठी कुणा एजंटाने पाच मिनिटांत भरून दिलेला. मागच्या शेडमध्ये चोवीस माग खडखडतायत आणि कागदावर माणूस व्यापारी! २०२१ मध्ये व्यापाऱ्यांना उद्यम नोंदणी खुली झाली ती प्राधान्य क्षेत्रातल्या कर्जापुरती. खरेदीतलं प्राधान्य त्यांना नाही. कापड उत्पादनाचा कोड १३ ने सुरू होतो. दुरुस्ती पोर्टलवर फुकट होते, पण निकालानंतर केलेली त्या टेंडरला उपयोगाची नाही.

माझी सवय अशी, की प्रत्येक बिडआधी प्रमाणपत्र नव्याने डाउनलोड करायचं, छापायचं आणि कोडखाली लाल पेनाने रेघ मारायची. जेमवर, म्हणजे सरकारी खरेदीच्या पोर्टलवर, प्राधान्याचा पर्याय निवडलाय का, तेही तेव्हाच बघायचं. लोक हसतात, हसू द्यात.

दुसरी चूक माझ्या डोक्यात जाते: "आधी भरू तर, मग बघू." उलाढालीची अट जाचक आहे, हे बिड भरतानाच कळलेलं असतं. पण बिड भरण्याआधी शंका-हरकतींसाठी असलेल्या प्री-बिड मीटिंगला जायचं नाही, लेखी हरकत घ्यायची नाही, अटी मान्य असल्याचं प्रतिज्ञापत्र मात्र सही ठोकून द्यायचं. हरल्यावर वकील. कोर्टाचा पहिला प्रश्न ठरलेला असतो: अट मान्य करूनच भाग घेतलात ना? टाटा सेल्युलर खटल्यात १९९४ मध्येच सर्वोच्च न्यायालयाने सांगून ठेवलंय, की कोर्ट टेंडरच्या निर्णयावर अपील ऐकायला बसत नाही, निर्णयाची प्रक्रिया तपासतं. मनमानी किंवा बदहेतू दाखवता आला तर बोला. १८ ऑगस्ट २०२५ ला सोलापूरचं हायकोर्टाचं काम मुंबईहून कोल्हापूरच्या सर्किट बेंचकडे गेल्यापासून तर उत्साह वाढलाय. अहो, सिद्धेश्वर एक्सप्रेसचं तिकीट वाचलं म्हणून केस मजबूत होत नाही! हरकत मुदतीत, पोर्टलवर आणि ईमेलवरही पाठवा. स्क्रीनशॉट छापून फाइलला लावा. मी तर पाठवल्याची वेळही वहीत लिहितो.

बाकीच्या चुका पटापट. एल-वन स्वतःच सूक्ष्म किंवा लघु उद्योग असेल, तर १५ टक्क्यांचं गणित मांडूच नका. बिडसोबतची अनामत माफ असते, काम मिळाल्यावर भरायची परफॉर्मन्स सिक्युरिटी नाही. धोरण वस्तू आणि सेवांसाठी आहे, बांधकामाच्या कंत्राटांना नाही. रेल्वे, एनटीपीसी यांना ते लागू, महापालिकेला किंवा जिल्हा परिषदेला आपोआप नाही. तिथे राज्याचे शासन निर्णय बघावे लागतात.

आणि ते खरेदीत महिला उद्योजकांसाठी ठेवलेलं ३ टक्के बघून वहिनींच्या नावाने रातोरात फर्म काढणारे! वहिनींना टॉवेलचा जीएसएम (चौरस मीटरमागे वजन) विचारला की सगळं उघडं पडतं. काळ्या यादीत नाव गेलं की मग माझ्याकडे येऊ नका.

परवा एक पोरगा पेनड्राइव्ह घेऊन आला. दुपारी तीनची मुदत, आला एकला, डिजिटल सही भावाकडे, भाऊ तुळजापूरला. म्हणाला, "काका, कसंही करून बसवा." मी चहा मागवला आणि पुढच्या टेंडरची प्री-बिडची तारीख त्याच्याच हाताने वहीत लिहून घेतली.